परत आलेली नाणी

तंबाखूचा डबा आहे, झाकण गंजलेलं.
हलवून बघ, इमानी. वाजतो ना?
तुझ्या आजोबांची पोलिसातली कमाई
माझ्या वाटणीला आली ती एवढी.

एकोणीसशे पन्नास. जॉर्जियातलं आमचं गाव,
एकीकडे सूतगिरणी, एकीकडे नदी,
मधून रेल्वेचे रूळ, रुळांच्या अलीकडे आम्ही.
पहिल्यांदाच चार काळे शिपाई घेतले होते.
त्यातले एक लेम्युएल गॅदर्स, माझे वडील.

गणवेश मिळाला, पण तो घालून घरी यायची मुभा नव्हती.
चर्चच्या तळघरात, बॉयलरशेजारी, खिळ्याला टांगलेला असायचा.
आई तिथे जाऊन इस्त्री करायची,
कॉलरवर काजळी बसू नये म्हणून
वरून पिठाची रिकामी पिशवी चढवायची.
ठाण्यात शिरायचं ते मागच्या दारानं.
बिल्ला होता, शिट्टी होती, पिस्तूलही होतं,
कायदा मात्र अर्धाच दिला होता हाती:
काळ्याला धरायचं.
गोऱ्यानं काही केलं तर नाक्यावरच्या बूथमध्ये जायचं,
पाच सेंट टाकायचे,
आणि गोऱ्या शिपायाला म्हणायचं, या.
आधी सर म्हणायचं.

आपले लोक तरी आपले म्हणतील?
न्हाव्याच्या दुकानात ते शिरले की गप्पा थांबायच्या,
वस्तरासुद्धा दबकून चालायचा.
शाळेत पोरं मला विचारायची,
काल तुझ्या बापानं कुणाच्या बापाला नेलं ग?
मी सांगायचे, ते टपालखात्यात आहेत.
एकदा त्यांनी ते ऐकलं. बोलले काहीच नाहीत.
त्या रात्री बूट जरा जास्तच वेळ पुसत बसले.

ऑगस्टमधली गोष्ट. मिसेस टूमरचं दार.
हार्डवेअरवाल्याचा मुलगा, पिऊन तर्र,
लाथा घालत होता. आत त्यांची नात, चौदा वर्षांची.
वडील पायरीवर उभे राहिले, पाठ दाराला लावून.
तो थुंकला. कुठे, ते त्यांनी कधी सांगितलं नाही.
हात लावायची परवानगी नव्हती.
बूथ दोनशे पावलांवर.
जावं तर दार उघडं पडतं,
न जावं तर कायदा येत नाही.
शेवटी शेजारच्या पोराला नाणं देऊन पिटाळलं.
पोरगा परत आला, मुठीत नाणं तसंच.
वाजत राहिला म्हणाला, उचललाच नाही कुणी.

उजाडेपर्यंत उभे होते ते.
तो तिथेच अंगणात घोरत पडला,
सकाळी त्याचा बाप गाडी घेऊन आला,
म्हणाला, बरं झालं, लक्ष ठेवलंस पोरावर,
आणि खिशातून पाच सेंट काढून पुढे केले.
घेतले त्यांनी.
थँक यू सर, म्हणाले.
घरी येऊन कानशीनं त्या नाण्याला कडेला खाच पाडली.

पलीकडे कुणी फोन उचलला नाही
की यंत्रातून नाणं खाली पडायचं, खळ्ळ.
त्या अख्ख्या गावात तेवढं एकच सरळ होतं:
काम झालं नाही, हे घे तुझे पैसे.
परत पडलेलं प्रत्येक नाणं त्यांनी यात टाकलं.
मी मोजलीत. एकशे सदतीस.

परवा ओहायोहून तुझा फोन आला.
पेट्रोल पंपावर दोघं अंगावर धावून आले,
तू रेडिओवर तीनदा मदत मागितलीस,
नुसती खरखर.
नंतर लॉकरपाशी कुणीतरी म्हणालं, आवाज ओळखू आला नाही ग तुझा,
आणि मागे कुणीतरी हसलं.
तू हे सांगताना काहीतरी खात होतीस,
मुद्दाम, मला रडणं ऐकू येऊ नये म्हणून.
मी एवढंच विचारलं, किती वाजले होते?
अकरा सव्वीस, म्हणालीस.

लिहून ठेव.
तुझ्या खांद्यावरच्या त्या यंत्रातून
काहीच परत पडत नाही, पोरी.
म्हणून हा डबा घेऊन जा.
खाच पाडलेलं तेवढं मी काढून ठेवलंय.
त्याचं काय करायचं असतं
ते मला अजून कळलेलं नाही.